मुद्दाम हरणारी माणसे

दिवाळी अंकासाठी लेख मागताना आमचे संपादक दरवर्षी एकच अट घालतात. "सर, काही हलकेफुलके द्या. फराळाबरोबर वाचता आले पाहिजे." एरवी आठवड्याच्या पानात मी काय लिहितो याची त्यांना फारशी फिकीर नसते, पण दिवाळीत मात्र चकली मोडता मोडता वाचकाच्या कपाळाला आठी पडता कामा नये, असा त्यांचा कटाक्ष असतो. म्हणून यंदा एका विनोदी चित्रपटावर लिहायचे मी ठरवले. विषय ऐकताच आमच्या सौभाग्यवती म्हणाल्या, "म्हणजे शेवटी घरातली लक्तरं वेशीवर टांगणारच तर तुम्ही!"

वाचकहो, लक्तर फार मोठे नाही. अठराशे रुपयांचे आहे.

गेल्या जुलैमधली गोष्ट. दुसऱ्या वर्षाच्या वर्गावर मी मराठी नाटकाचा इतिहास शिकवीत होतो. देवलांनी शूद्रकाचे 'मृच्छकटिक' मराठीत कसे आणले, हे सांगताना मूळ संस्कृत नाटकातल्या जुगाऱ्याच्या प्रवेशापर्यंत मी आलो होतो. तेवढ्यात खिशातला फोन थरथरला. वर्गात फोन पाहायचा नाही हा नियम मीच केलेला असल्यामुळे तास संपेपर्यंत त्याला हात लावता येईना. तास संपल्यावर पाहिले, तर बँकेचा निरोप. चिरंजिवांच्या खात्यातून अठराशे रुपये कोणा अनोळखी गृहस्थाकडे गेले होते. हे खाते चिरंजीव शाळेत असताना उघडलेले. त्यांना आता मिशा फुटल्या, पण खात्याचे निरोप अजून माझ्याच फोनवर येतात. आणि ते अठराशे रुपये म्हणजे त्यांच्या परीक्षेच्या अर्जाचे. आदल्याच दिवशी मी ते पाठवले होते.

संध्याकाळी घरात चौकशी समिती बसली. सभासद तीन : मी, सौभाग्यवती आणि माझी आई. आरोपी वाणिज्य शाखेच्या दुसऱ्या वर्षात शिकतो. वय वर्षे एकोणीस. त्याने फारसे आढेवेढे घेतले नाहीत. कॉलेजजवळच्या एका इमारतीच्या तळघरात पूल खेळण्याची जागा आहे. तासावर पैसे घेतात. चिरंजीव दोन महिने तेथे जात होते आणि मित्रांमध्ये त्यांचा हात चांगला बसला होता. त्या दुपारी मित्र आले नव्हते. बाजूच्या टेबलावर एक चाळिशीचे गृहस्थ एकटेच खेळत होते. इस्त्रीचा शर्ट, खांद्याला ऑफिसची बॅग, चेहरा सज्जन. "एक डाव होऊन जाऊ दे का? शंभर रुपये लावू, म्हणजे जरा मजा येईल," ते म्हणाले. पहिला डाव ते हरले. दुसराही हरले. सोपे सोपे चेंडू त्यांच्याकडून चुकत आणि चुकले की ते स्वतःलाच हसत. "तुझा हात छान आहे रे, मला शिकव," असेही म्हणाले. "हिशेब शेवटी करू. पुढचा डाव पाचशेचा."

तो डाव गृहस्थ जिंकले. एका चेंडूने. "नशीब!" म्हणून त्यांनी कपाळाला हात लावला. पुढचाही पाचशेचा; तोही त्यांनी जिंकला, पुन्हा एका चेंडूने. गेलेले भरून काढण्यासाठी चिरंजिवांनी हजार लावले. तेही एका चेंडूने गेले. दोन हजारांतून आधीचे दोनशे वजा जाता अठराशे. पूर्वीच्या ठकाला निदान नोटा मोजण्याचे कष्ट पडत. ह्याने नुसता फोन पुढे धरला. आमच्या चिरंजिवांनी त्यावरचा चौकोन टिपला आणि परीक्षेची फी बिनबोभाट पार झाली.

ह्यावर मी पाऊण तास बोललो. प्राध्यापकाला पाऊण तासाखाली बोलताच येत नाही, त्याला इलाज नाही. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात जुगाऱ्याचे एक आख्खे सूक्त आहे, इथपासून मी आरंभ केला. शकुनीच्या फाशांवर आलो. धर्मराज काय काय पणाला लावून बसला हे सांगितले. तेव्हा आई मध्येच म्हणाली, "अरे, त्याने राज्य घालवलं, ह्याने फॉर्मचे पैसे घालवलेत. काही ताळतंत्र ठेव." सौभाग्यवती काही न बोलता उठल्या आणि डब्यातून पैसे काढून त्यांनी मुलाच्या हातावर ठेवले. मी मात्र शेवटपर्यंत बोललो. परिणाम एवढाच झाला, की त्यानंतर दोन आठवडे मुलगा माझ्याशी 'हो', 'नाही' आणि 'जेवलो' ह्या तीन शब्दांपलीकडे बोलला नाही. एकोणीस वर्षांचा मुलगा असा मुका झाला, की घर मोठे वाटू लागते.

आमच्या इंग्रजी विभागात एक मित्र आहेत. स्टाफरूममध्ये माझी हकिगत ऐकून ते म्हणाले, "अहो, तुमच्या मुलाला ज्या कलेने फसवलं, त्या कलेवर अमेरिकेत चित्रपट आहेत. एक १९६१चा 'द हसलर', दुसरा १९८०चा 'द बाल्टिमोर बुलेट'. पहिला थोर आहे, दुसरा गमतीचा. घरात वातावरण तंग असेल तर आधी दुसरा बघा." वैद्याने काढा आणि गुळवेल यांतले काय आधी घ्यायचे ते सांगावे, तसे त्यांनी सांगितले. पुढच्या रविवारी दुपारी, बाहेर पावसाची झड लागलेली असताना, मी तो चित्रपट लावला. कोणाला बोलावले नाही. आई आपण होऊन आली, सौभाग्यवती शेंगा सोलायला घेऊन आल्या आणि अर्ध्या तासाने चिरंजीव दाराच्या चौकटीत येऊन उभे राहिले.

आता थोडे त्या खेळाविषयी. ज्याला कॅरम ठाऊक आहे त्याला पूल समजायला वेळ लागत नाही. बनातीने मढवलेले टेबल, त्याला सहा भोके, नंबर घातलेले पंधरा चेंडू आणि त्यांना मारण्यासाठी एक पांढरा चेंडू. हा पांढरा म्हणजे आपला स्ट्रायकर, आणि बोटाच्या ठिकाणी लांब काठी. तिला क्यू म्हणतात. ह्याच घराण्यातल्या स्नूकरचा जन्म तर आपल्याकडे, जबलपूरच्या लष्करी छावणीत १८७५ साली झाला. नेव्हिल चेंबरलेन नावाच्या एका तरुण अधिकाऱ्याने तो काढला. (पुढे पंतप्रधान झाले ते चेंबरलेन निराळे.) आणि बिलियर्ड्समध्ये जगज्जेता होणारे पहिले भारतीय विल्सन जोन्स हे जन्माने पुण्याचे. १९५८ आणि १९६४ अशी दोनदा त्यांनी हौशी खेळाडूंची जागतिक स्पर्धा जिंकली. कोणत्याही खेळात एकट्याच्या बळावर जगज्जेता झालेला तो पहिला भारतीय. तेव्हा खेळात काही वाईट आहे, असे म्हणायला जागा नाही.

मग पूलचे नाव वाईट का झाले? त्याची कथा गमतीची आहे. इंग्रजीत 'पूल' म्हणजे सर्वांनी मिळून जमा केलेली पणाची रक्कम. एकोणिसाव्या शतकात अमेरिकेत घोड्यांच्या शर्यतींवर पैसे लावण्याची ठिकाणे होती, त्यांना 'पूलरूम' म्हणत. दोन शर्यतींच्या मधल्या वेळात गिऱ्हाइकांनी कंटाळून उठून जाऊ नये म्हणून मालकांनी तेथे बिलियर्डची टेबले मांडली. पुढे शर्यतींचे जुगार त्या खोल्यांतून गेले. टेबले राहिली, नाव राहिले आणि बदनामीही राहिली. भाडेकरू सोडून गेला तरी त्याच्या नावाच्या तक्रारी घराच्या पत्त्यावर येत राहाव्यात, त्यातलाच प्रकार.

ह्या खोल्यांतून जी जात निपजली ती 'हसलर'. मराठीत ह्याला नेमका शब्द मला सापडत नाही. आणि मराठीचा अध्यापक असूनही हे मी कबूल करतो. ठक, भामटा, लफंगा हे शब्द जवळ जातात, पण नेमके बसत नाहीत. ठकाजवळ विद्या नसते. ती असल्याचे तो सोंग करतो. बोगस डॉक्टर, खोटा साधू, सोने दुप्पट करून देणारा, हे सगळे ह्या वर्गातले. हसलरजवळ विद्या खरोखरच असते. ती नसल्याचे तो सोंग करतो. सोपा चेंडू अशा बेताने चुकवायचा, की चुकवला असे वाटू नये. आधी थोडे हरायचे. समोरच्याची छाती फुगली की पण वाढवायचा. आणि जिंकायचे तेही अगदी केसभर, म्हणजे पुढच्या डावात आपण जिंकू अशी आशा समोरच्याला राहिली पाहिजे. मुद्दाम हरणे हे जिंकण्याहून अवघड आहे. चांगल्या गवयाला एखादा सूर बेसूर लावून पाहायला सांगा, म्हणजे पटेल.

'द बाल्टिमोर बुलेट'मध्ये अशी एक जोडी आहे. निक केसी हा मुरलेला उस्ताद. 'बाल्टिमोरची गोळी' हे त्याचेच टोपणनाव. त्याचे काम जेम्स कोबर्नने केले आहे, आणि त्याचे दात दाखवीत हसणे पाहिल्यावर आपला खिसा चाचपावासा वाटतो. त्याच्याबरोबर बिली जो हा तरुण चेला. तो ब्रूस बॉक्सलायटनर. दोघे गावोगाव हिंडतात, कुठे ओळख नसल्यासारखे आत शिरतात, कुठे आपसातच भांडतात आणि भोळ्याभाबड्यांच्या खिशातून पैसे गोळा करतात. हे सगळे कशासाठी, तर 'डीकन' नावाच्या एका बड्या जुगाऱ्याशी एकदा मोठा डाव खेळता यावा म्हणून. हा डीकन पडद्यावर आला तशी आई ताठ बसली. "अगंबाई, हा तर डॉक्टर झिवागो!" खरोखरच तो ओमर शरीफ होता. त्याच्याविषयीची एक गोष्ट मी आईला सांगितली : खऱ्या आयुष्यात तो ब्रिजचा जागतिक दर्जाचा खेळाडू होता आणि वर्तमानपत्रात ब्रिजवर सदरही लिहीत असे. "म्हणजे तुझ्यासारखाच," आई म्हणाली. आमच्या दोघांत एवढे साम्य आजवर कोणी दाखवून दिले नव्हते.

चित्रपटाचा शेवट मी सांगत नाही. थोर चित्रपट म्हणून त्याची कोणी गणना केलेली नाही, आणि मीही करणार नाही. पण दोन घटका करमणूक होते, आणि टेबलाभोवती दिसणारी काही माणसे नट नसून खरे खेळाडू आहेत, ही त्यातली मौज. स्टीव्ह मिझेराक त्यांतला एक. हा सद्गृहस्थ पेशाने शाळामास्तर, आणि १९७० ते १९७३ अशी लागोपाठ चार वर्षे त्याने अमेरिकेची खुली स्पर्धा जिंकलेली. आमच्या जातभाईंपैकी कोणी कशात तरी चार वेळा पहिला आला, हे वाचून मला बरे वाटले.

आणि त्यांतला सर्वांत मोठा, विली मॉस्कोनी. हा फिलाडेल्फियाचा, जन्म १९१३चा. बापाचा स्वतःचा पूलचा अड्डा होता. पण मुलाने त्या टेबलाला हात लावू नये, असा बापाचा सक्त हुकूम. तेव्हा पोराने काय करावे? आईच्या स्वयंपाकघरातून गोल गोल बटाटे पळवले आणि जुन्या झाडूच्या दांड्याने सराव सुरू केला. पुढे १९४१ ते १९५७ ह्या काळात हा मुलगा पंधरा वेळा जगज्जेता झाला. १९५४ साली ओहायोतल्या स्प्रिंगफील्ड गावी एका प्रदर्शनीय सामन्यात त्याने एकही न चुकवता लागोपाठ ५२६ चेंडू भोकात घातले. नेहमी कोट-टायमध्ये राहणारा हा गृहस्थ. त्याला हसलर लोकांचा मनस्वी तिटकारा. आपला खेळ त्यांच्यामुळे बदनाम झाला, असे त्याचे म्हणणे. आणि दैवाची थट्टा अशी, की 'द हसलर'मध्ये पॉल न्यूमनला क्यू धरायला शिकवण्यासाठी त्यालाच बोलावले गेले!

'द हसलर' आम्ही पुढच्या रविवारी पाहिला. वॉल्टर टेव्हिसच्या १९५९च्या कादंबरीवर रॉबर्ट रॉसेनने तो काढला. त्याचा पहिलाच प्रवेश म्हणजे ह्या विद्येचा श्रीगणेशा. फिरते विक्रेते म्हणवणारे दोघे एका गावातल्या गुत्त्यात येतात. त्यांतला तरुण, एडी, प्यायल्यासारखा दिसतो. एक अशक्य फटका त्याच्याकडून 'चुकून' लागतो. जोडीदार म्हणतो, नशीब होते, पुन्हा लागणार नाही. पण लागतो, एडी हरतो. तो चिडून पण वाढवतो. जोडीदार आता नको म्हणतो, तेव्हा गुत्तेवालाच हावरटपणाने पुढे होतो, "मी लावतो." मग चेंडू सरळ भोकात जातो. तो पाहून चिरंजीव एकदम बोलले. दोन आठवड्यांतले त्यांचे पहिले सबंध वाक्य : "हा गुत्तेवाला म्हणजे मी."

ह्या चित्रपटाला नऊ नामांकने आणि दोन ऑस्कर मिळाली. जॅकी ग्लीसनने त्यात 'मिनेसोटा फॅट्स' हा बादशहा केला आहे. चित्रपट गाजल्यावर रुडॉल्फ वॉन्डरोन नावाच्या एका लठ्ठ, गप्पिष्ट हसलरने जाहीर केले, की ते पात्र म्हणजे आपणच. कादंबरीकार नाही नाही म्हणत राहिला. वॉन्डरोनने ते नावच उचलले आणि जन्मभर वापरले. १९७८ साली टेलिव्हिजनवर त्याचा आणि मॉस्कोनीचा सामना झाला. मॉस्कोनी जिंकला, पण गप्पा ऐकायला लोक फॅट्सकडेच गेले. खरी विद्या आणि बोलघेवडेपणा यांच्या सामन्यात निकाल एकाच्या बाजूने लागतो आणि टाळ्या दुसऱ्याला पडतात, हे आमच्या क्षेत्रातही पाहावयास मिळते. असो.

पण ह्या दोन चित्रपटांमधला फरक मला जाणवला तो असा. 'द हसलर'मध्ये फसवले गेलेले लोक एडीला पकडतात आणि त्याचे दोन्ही अंगठे मोडतात. विनोदी चित्रपटात ही वेळ येत नाही. तेथे नायक मागच्या दाराने सटकतो आणि आपण हसतो. लबाडी तीच, कौशल्य तेच; एकीकडे हाडे मोडतात, दुसरीकडे टाळ्या पडतात. आपण कोणाच्या बाजूने हसतो, आणि का?

मला शूद्रक आठवला. जुलैत बँकेच्या निरोपाने अर्धवट राहिलेला तो प्रवेश मी पुन्हा उघडला. त्यात दहा मोहरा हरलेला एक जुगारी पळत सुटतो, एका ओसाड देवळात शिरतो आणि मूर्ती नाही असे पाहून स्वतःच मूर्ती होऊन उभा राहतो. मागावर आलेले अड्ड्याचा मालक आणि दुसरा जुगारी ह्यांना संशय येतो. पण ते काय करतात? तिथेच बसून फासे टाकू लागतात! फाशांचा तो आवाज ऐकून देवाला राहवत नाही आणि मूर्ती बोलते. दीड हजार वर्षांपूर्वीच्या ह्या प्रवेशाला वर्गात अजून हशा येतो. तसेच मुक्या चित्रपटांतले. डब्ल्यू. सी. फील्ड्सचा पहिलाच चित्रपट, १९१५चा 'पूल शार्क्स', ह्याच टेबलाभोवती घडतो. बस्टर कीटनच्या १९२४च्या 'शेरलॉक ज्युनियर'मध्ये खलनायकांनी तेरा नंबरच्या चेंडूत स्फोटक भरलेले आहे. तो पठ्ठ्या बाकीचे सगळे चेंडू घालतो, तेरा नंबरला मात्र धक्का लावत नाही आणि बाहेर कान झाकून उभ्या असलेल्या दुष्टांचे प्राण कंठाशी येतात. ह्या सगळ्यांत एक गोष्ट सारखी आहे. ज्याची फजिती होते तो आपल्या पायाने त्या टेबलाशी आलेला असतो. समोरचा दुबळा आहे, त्याचे पैसे सहज मिळतील, असे त्याला वाटलेले असते. म्हणून आपल्याला हसता येते.

हे मी जेवताना मोठ्या खुशीत मांडले. मला वाटले, मुलाला धडा मिळेल : तूही लोभाने खेळलास, म्हणून फसलास. सौभाग्यवती म्हणाल्या, "पुरे झालं की हो आता!" मित्राने आणखी एका अमेरिकन नाटकाचे नाव सांगितले होते, मेरेडिथ विल्सनचे १९५७चे 'द म्युझिक मॅन', १९६२ साली त्याचा चित्रपटही झाला. त्यात एक लुच्चा विक्रेता एका आडगावात येतो. बँडची वाद्ये खपवायची असतात. गावात नुकतेच पूलचे टेबल आले आहे असे कळताच तो भर चौकात उभा राहून गाऊ लागतो, की ह्या टेबलामुळे तुमची पोरे बिघडणार! आईबाप घाबरतात आणि पोरांच्या उद्धारासाठी बँडचे पैसे मोजतात. हे सांगताना मी हसलो. आणि हसता हसता थांबलो. म्हणजे खरा लुच्चा टेबलाशी नव्हताच. तो टेबलाविरुद्ध भाषण करीत होता. आणि पाऊण तासाचे भाषण आमच्या घरातही झाले होते.

त्या रात्री मी चिरंजिवांच्या खोलीत गेलो. "तुला काही सांगायचं राहिलंय का?" मी विचारले.

तो बराच वेळ गप्प होता. मग म्हणाला, "बाबा, मी त्याला दुबळा समजलो नव्हतो."

"मग?"

"तुम्ही लहानपणी माझ्याशी कॅरम खेळायचात. राणी अगदी भोकाच्या तोंडाशी असायची आणि तुमचा स्ट्रायकर बाजूने जायचा. मग तुम्ही स्वतःलाच हसायचात आणि म्हणायचात, 'तुझा हात छान आहे रे.'"

मी काही बोललो नाही.

"सातवीत असताना मला कळलं, तुम्ही मुद्दाम हरता ते. मी सांगितलं नाही, कारण जिंकायला आवडायचं." तो जरा थांबला. "तो माणूस अगदी तसाच हरत होता. तसाच हसत होता. मला वाटलं, चांगला माणूस आहे. पोराला खूश करतोय. म्हणून मी पुढचा डाव लावला. पैशांचं नाही हो बाबा. पण मला चांगुलपणा वाटला, तो चांगुलपणा नव्हता. आणि हे तुम्हाला सांगायला गेलो, तर तुम्ही शकुनी सांगत बसलात."

वाचकहो, पंचवीस वर्षे मी वर्गात बोलत आलो आहे; त्या रात्री मला एक वाक्य सुचले नाही. माझा सिद्धांत, शूद्रकापासून कीटनपर्यंत बांधत आणलेला, त्या पोराने एका बोटाने पाडला होता. तो लोभाने फसला नव्हता. विश्वासाने फसला होता, आणि तो विश्वास त्याला मीच शिकवला होता. मुद्दाम हरणारी माणसे दोन प्रकारची असतात, हे शिकवायचे मात्र राहून गेले. एक घेण्यासाठी हरतात, एक देण्यासाठी. हरताना दोघांचा चेहरा अगदी एक दिसतो. फरक कळतो तो पण वाढवण्याची वेळ आली म्हणजे. माझ्या कॅरममध्ये पण नव्हता. जिंकला तर मुलाला शेंगदाण्याची चिक्की आणि हरलो तर मला काही नाही.

मी एवढेच म्हणालो, "चुकलं माझं. विचारायच्या आधी बोललो."

त्याने मान हलवली. मग म्हणाला, "कॅरमबोर्ड कुठाय हो आपला?"

बोर्ड माळ्यावर होता, जुन्या चादरीत गुंडाळलेला. गणपतीच्या सुट्टीत तो खाली काढला. पावडर संपलेली होती. सौभाग्यवतींनी आपल्या डब्यातली दिली आणि "सुगंधी आहे, जपून" असे बजावले. आई पंच म्हणून खुर्चीवर बसली. बसण्यापूर्वी मुलाने मला अट घातली : "ह्या वेळी खरं खेळायचं, बाबा. मीही खरं खेळीन." मी कबूल केले. पंधरा वर्षांत पहिल्यांदा मी माझ्या मुलाशी खरा डाव मांडला आणि खरे सांगतो, माझे हात थरथरत होते.

मी एकोणतीस विरुद्ध अकरा असा हरलो.

शेवटची राणी अगदी भोकाच्या तोंडाशी होती. मी नेम धरला, श्वास रोखला, आणि स्ट्रायकर बाजूने गेला. खोलीत शांतता पसरली. मुलगा माझ्याकडे रोखून पाहत होता. "मुद्दाम चुकवलंत ना?"

"नाही रे. देवाशपथ नाही."

"अहो, खरं सांगा त्याला," सौभाग्यवती म्हणाल्या.

"खरंच सांगतोय!" मी ओरडलो. आयुष्यात पहिल्यांदा मी प्रामाणिकपणे हरलो होतो आणि घरातला एकही माणूस त्यावर विश्वास ठेवायला तयार नव्हता. मुलगा अजून पाहत होता. मग त्याच्या तोंडावर हळूहळू हसू उमटले. त्याला पटले की नाही, मला अजून ठाऊक नाही. पंचांनी निकाल दिला : "ह्याचा हात पहिल्यापासूनच असा आहे. लहानपणी माझ्याशीही हरायचा. पुन्हा मांडा."

आई माझ्याशी खरेच जिंकत होती की कसे, हे विचारायला मी धजलो नाही.

दिवाळीच्या पाडव्याला आपल्याकडे द्यूतप्रतिपदाही म्हणतात. त्या दिवशी पार्वतीने शंकराला फाशांत हरवले, अशी कथा आहे. भोळा सांब खरा हरला की मुद्दाम, ह्याचा खुलासा कथेत नाही, आणि घराघरांतल्या शंकरांनीही तो करू नये हे बरे. पण यंदा पाडव्याला माळ्यावरचा कॅरमबोर्ड खाली काढा. पैसे लावू नका, चिक्की लावा. आणि समोर मुलगा बसला असेल, तर एक तरी डाव खरा खेळा.

आमचा हिशेब सध्या सात डावांना दोन आहे. दोन माझे. ते त्याने मुद्दाम दिले असावेत, असा मला दाट संशय आहे.